कंपनी बंद होताना कामगारांना काय देणे मालकावर बंधनकारक आहे?

सकाळी पहिल्या पाळीचे कामगार येतात आणि गेट बंद असते. गेटवर एक कागद चिकटवलेला असतो: ‘अपरिहार्य कारणास्तव कंपनी आजपासून बंद करण्यात येत आहे.’ औद्योगिक वसाहतींमध्ये हे दृश्य नवे नाही. अशा वेळी कामगारांच्या मनात पहिला प्रश्न येतो तो म्हणजे, असे अचानक बंद करता येते का? आणि दुसरा, आपल्या पैशांचे काय?

या दोन्ही प्रश्नांची उत्तरे कायद्यात आहेत. थोडक्यात सांगायचे तर, व्यवसाय बंद करण्याचा मालकाला अधिकार आहे, पण कामगारांचे देणे बुडवून बंद करण्याचा अधिकार नाही. ‘कंपनी तोट्यात आहे’ या एका वाक्याने हे देणे कमीही होत नाही. या लेखात आपण मालकाच्या कायदेशीर जबाबदाऱ्या, रकमेचा हिशेब आणि पैसे न मिळाल्यास दाद मागण्याचे मार्ग पाहू.

सध्या कोणता कायदा लागू आहे?

कारखाने आणि कंपन्या बंद करण्याबाबतचे नियम अनेक वर्षे औद्योगिक विवाद अधिनियम, १९४७ मध्ये होते. २१ नोव्हेंबर २०२५ पासून देशात चार नव्या कामगार संहिता लागू झाल्या. त्यांपैकी औद्योगिक संबंध संहिता, २०२० मध्ये व्यवसाय बंद करण्याचे नियम आहेत. पगाराबाबतचे नियम वेतन संहिता, २०१९ मध्ये, तर ग्रॅच्युइटी, भविष्य निर्वाह निधी आणि ईएसआय यांचे नियम सामाजिक सुरक्षा संहिता, २०२० मध्ये आहेत. २१ नोव्हेंबर २०२५ पूर्वी बंद पडलेल्या कंपन्यांच्या बाबतीत तेव्हाच्या जुन्या कायद्यानुसार हक्क ठरतात.

बंद करणे, टाळेबंदी, ले-ऑफ आणि कपात यांत फरक काय?

बोलताना आपण सगळ्यालाच ‘कंपनी बंद पडली’ म्हणतो. कायद्यात मात्र या चार वेगवेगळ्या गोष्टी आहेत आणि प्रत्येकीत कामगाराचे हक्क वेगळे आहेत.

ले-ऑफ: कच्चा माल, वीज, कोळसा नसणे किंवा यंत्र बिघडणे अशा कारणाने कामगाराला तात्पुरते काम देता येत नाही. नोकरी कायम राहते. ५० किंवा अधिक कामगारांच्या कारखान्यात एक वर्ष सेवा झालेल्या कामगाराला या काळात मूळ वेतन व महागाई भत्त्याच्या ५० टक्के भरपाई मिळते.

टाळेबंदी: मागण्यांवरून वाद असताना मालक तात्पुरते गेट बंद करतो. येथेही नोकरी संपत नाही. टाळेबंदीसाठीही आगाऊ नोटीस द्यावी लागते.

कपात: व्यवसाय चालू राहतो, पण काही कामगार जास्तीचे ठरवून कमी केले जातात.

कायमचे बंद करणे: व्यवसाय किंवा त्याचा एखादा भाग, उदाहरणार्थ एखादे युनिट, कायमचे थांबवले जाते आणि तेथील नोकऱ्या संपतात. हा लेख या प्रकाराविषयी आहे.

गेटवरील नोटीस वाचताना ती यांपैकी कशाची आहे, हे आधी पाहावे. ‘पुढील सूचना मिळेपर्यंत बंद’ असे लिहिले असेल, तर कंपनी कायमची बंद झाली असे लगेच धरू नये.

‘कामगार’ कोणाला म्हणायचे?

नोटीस आणि बंद होण्याची भरपाई हे हक्क कायद्याच्या व्याख्येतील ‘कामगारा’ला मिळतात. हाताने करायचे काम, तांत्रिक काम, कारकुनी काम, विक्रीचे काम करणारे या व्याख्येत येतात. व्यवस्थापकीय किंवा प्रशासकीय पदावरील व्यक्ती येत नाहीत. देखरेखीचे काम करणारा सुपरवायझर असेल आणि त्याचे वेतन महिना १८,००० रुपयांपेक्षा जास्त असेल, तर तोही येत नाही.

पदाच्या नावाला येथे महत्त्व नाही, प्रत्यक्ष काम काय आहे ते पाहिले जाते. नेमणूकपत्रावर ‘एक्झिक्युटिव्ह’ लिहिले असले, तरी दिवसभर मशीन चालवणारी व्यक्ती कामगारच ठरते. जे या व्याख्येत बसत नाहीत, त्यांनाही थकलेला पगार, ग्रॅच्युइटी आणि भविष्य निर्वाह निधी मिळतोच. त्यांचे बाकीचे हक्क नेमणूकपत्रातील अटींवर ठरतात.

कामगारांची संख्या किती, त्यावर जबाबदारी ठरते

१) ५० पेक्षा कमी कामगार

सरकारला आगाऊ कळवण्याची किंवा परवानगी घेण्याची गरज नाही. पण कामगारांना नोटीस आणि भरपाई द्यावीच लागते. ‘आमचे छोटे वर्कशॉप आहे, आम्हाला कायदा लागू नाही’ हा समज चुकीचा आहे. आठ कामगारांचे वर्कशॉप बंद करतानाही एक वर्ष पूर्ण केलेल्या कामगाराला भरपाई देणे बंधनकारक आहे.

२) ५० किंवा अधिक कामगार

बंद करण्याच्या तारखेच्या किमान ६० दिवस आधी, कारणे स्पष्ट लिहून सरकारला नोटीस द्यावी लागते. ही परवानगी नव्हे, पूर्वसूचना आहे. बहुतेक खासगी उद्योगांसाठी ‘सरकार’ म्हणजे राज्य सरकारचा कामगार विभाग. खाणी, बँका, विमा, रेल्वे, हवाई वाहतूक अशा क्षेत्रांसाठी केंद्र सरकार. हॉटेल, मोठी दुकाने, सॉफ्टवेअर कंपन्या अशा आस्थापनांत कितीही कामगार असले, तरी त्यांना हाच ६० दिवसांचा नियम लागू होतो.

३) ३०० किंवा अधिक कामगार असलेले कारखाने, खाणी आणि मळे

हंगामी नसलेल्या अशा आस्थापनांना सरकारची पूर्वपरवानगी घ्यावी लागते. त्याचा क्रम असा:

• बंद करण्याच्या किमान ९० दिवस आधी, कारणांसह ऑनलाइन अर्ज करावा लागतो. त्याच वेळी अर्जाची प्रत कामगारांच्या प्रतिनिधींनाही द्यावी लागते.

• सरकार चौकशी करते. मालक, कामगार आणि संबंधितांचे म्हणणे ऐकून घेणे आवश्यक असते. कारणे खरी व पुरेशी आहेत का आणि जनहिताचे काय, हे पाहून लेखी, कारणे दिलेला आदेश काढला जातो.

• अर्ज केल्यापासून ६० दिवसांत आदेश कळवला नाही, तर परवानगी मिळाली असे कायदा मानतो. म्हणून अर्जाची प्रत हाती पडताच कामगार प्रतिनिधींनी आपले म्हणणे लेखी देणे महत्त्वाचे असते. आदेशाची वाट पाहण्यात हे ६० दिवस निघून जातात.

• आदेश एक वर्ष लागू राहतो. त्याचा फेरविचार होऊ शकतो किंवा प्रकरण औद्योगिक न्यायाधिकरणाकडे जाऊ शकते.

परवानगी न मागता किंवा ती नाकारली गेल्यावरही कारखाना बंद केला, तर ते बंद करणे बेकायदेशीर ठरते. मग कंपनी बंद झालीच नाही असे मानून कामगारांना पूर्ण पगार व इतर लाभ मिळण्याचा हक्क राहतो. शिवाय मालकाला १ लाख ते १० लाख रुपये दंड होऊ शकतो. पुन्हा तोच गुन्हा केल्यास दंड वाढतो आणि सहा महिन्यांपर्यंत कैदही होऊ शकते. कारखान्यातील अपघात किंवा मालकाचा मृत्यू अशा अपवादात्मक परिस्थितीत सरकार परवानगीच्या अटीतून सूट देऊ शकते.

हे नियम कसे आले?

या नियमांच्या इतिहासात महाराष्ट्राचा मोठा वाटा आहे. १९५३ च्या दुरुस्तीने कामगार कपातीसाठी भरपाई सुरू झाली. पुढे बार्शी लाइट रेल्वे सरकारने ताब्यात घेतली, तेव्हा तिच्या कामगारांच्या भरपाईचा वाद सर्वोच्च न्यायालयात गेला. नोव्हेंबर १९५६ मध्ये न्यायालयाने सांगितले की, ‘कपात’ म्हणजे चालू व्यवसायातील जास्तीचे कामगार कमी करणे. व्यवसायच खरोखर बंद झाला किंवा दुसऱ्याच्या हाती गेला, तर त्याला कपात म्हणता येणार नाही आणि भरपाईही देय नाही. या निकालामुळे कामगारांच्या संरक्षणात मोठी फट राहिली. ती बुजवण्यासाठी १९५७ मध्ये कायद्यात दुरुस्ती झाली आणि व्यवसाय बंद झाल्यावरही, जणू कपातच झाली आहे असे धरून, भरपाई देण्याची तरतूद आली.

१९७६ मध्ये ३०० किंवा अधिक कामगारांच्या कारखान्यांना परवानगीची अट घालण्यात आली. मुंबईतील एक्सेल वेअर या तयार कपड्यांच्या निर्यातदार संस्थेत सुमारे ४०० कामगार होते. तिला राज्य सरकारने परवानगी नाकारली. १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती तरतूद घटनाबाह्य ठरवली. व्यवसाय करण्याच्या हक्कात तो बंद करण्याचा हक्कही येतो, मात्र त्यावर वाजवी बंधने घालता येतात, असे न्यायालयाने म्हटले. त्या तरतुदीत कारणे देण्याची किंवा अपिलाची सोय नव्हती. १९८२ च्या दुरुस्तीने चौकशी, सुनावणी, कारणांसह आदेश आणि फेरविचार या गोष्टी आणल्या आणि मर्यादा १०० कामगारांवर आणली. ही सुधारित तरतूद सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये वैध ठरवली. नव्या संहितेने मर्यादा पुन्हा ३०० केली आहे.

म्हणजे १०० ते २९९ कामगारांच्या कारखान्यांना पूर्वी परवानगी लागत होती, ती आता लागत नाही. त्यांना ६० दिवसांची नोटीस पुरते. या कामगारांच्या दृष्टीने हा संहितेतील सर्वांत मोठा बदल आहे. भरपाईचा हक्क मात्र तसाच राहिला आहे.

भरपाई किती आणि ती कशी मोजायची?

बंद होण्याच्या वेळी किमान एक वर्षाची सलग सेवा झालेल्या प्रत्येक कामगाराला दोन गोष्टी मिळतात:

• एक महिन्याची लेखी नोटीस, किंवा नोटिसीऐवजी एक महिन्याचा पगार.

• सेवेच्या प्रत्येक पूर्ण वर्षासाठी १५ दिवसांचे सरासरी वेतन. शेवटच्या वर्षात सहा महिन्यांपेक्षा जास्त काळ झाला असेल, तर तेही पूर्ण वर्ष धरले जाते.

‘एक वर्ष’ म्हणजे मागच्या १२ महिन्यांत प्रत्यक्ष २४० दिवस काम. जमिनीखालील खाणीत १९० दिवस. भरपगारी रजेचे आणि ले-ऑफचे दिवस या मोजणीत धरले जातात. बाळंतपणाच्या रजेचे दिवसही, ठरलेल्या मर्यादेपर्यंत, धरले जातात.

सरकारी परवानगी घेऊन बंद होणाऱ्या मोठ्या कारखान्यांतही भरपाईचा दर हाच आहे.

आता एक हिशेब पाहू. समजा, ७० कामगारांच्या एका कारखान्यात एका फिटरची सेवा १२ वर्षे ७ महिने झाली आहे आणि त्याचे मासिक वेतन २६,००० रुपये आहे. सात महिने सहापेक्षा जास्त असल्याने सेवा १३ वर्षे धरली जाईल. मालकाने एक महिन्याची नोटीस दिलेली नाही.

नोटिसीचा पगार: २६,००० रुपये

बंद होण्याची भरपाई: १३,००० × १३ = १,६९,००० रुपये

ग्रॅच्युइटी: १५,००० × १३ = १,९५,००० रुपये

एकूण: ३,९०,००० रुपये

येथे एक बारकावा आहे. भरपाई आणि ग्रॅच्युइटी दोन्ही ‘१५ दिवसां’च्या दराने आहेत, तरी आकडे वेगळे आले. ग्रॅच्युइटीसाठी महिना २६ दिवसांचा धरला जातो, म्हणून २६,००० ÷ २६ × १५ = १५,००० रुपये. भरपाईसाठी मात्र सरासरी मासिक वेतनाच्या निम्मी रक्कम धरली जाते. सर्वोच्च न्यायालयाने जुन्या कायद्याखाली हा फरक स्पष्ट केला आहे.

वरच्या रकमेत शेवटचा पगार, साठलेल्या रजेचा पगार आणि बोनस धरलेला नाही. ते वेगळे मिळतात.

‘तोटा झाला’ हे कारण चालते का?

मालकाच्या ताब्याबाहेरील अपरिहार्य परिस्थितीमुळे व्यवसाय बंद करावा लागला, तर भरपाई जास्तीत जास्त तीन महिन्यांच्या सरासरी वेतनाइतकी मर्यादित होते. वरच्या उदाहरणात १,६९,००० ऐवजी ७८,००० रुपये. हा फरक मोठा असल्याने नोटिसीत ‘अपरिहार्य कारणास्तव’ हे शब्द वारंवार दिसतात.

पण पुढील कारणे अपरिहार्य नाहीत, असे कायद्यातच स्पष्ट लिहिले आहे:

• आर्थिक अडचण किंवा तोटा

• न विकला गेलेला माल साठून राहणे

• जागेचा भाडेपट्टा किंवा परवाना संपणे

म्हणून ऑर्डर कमी झाल्या, बँकेने कर्ज थांबवले, गाळ्याचा करार संपला, अशी कारणे देऊन भरपाई तीन महिन्यांवर आणता येत नाही. नोटिसीवर कोणता शब्द लिहिला आहे यावर नव्हे, तर प्रत्यक्ष काय घडले यावर हे ठरते.

भरपाईशिवाय आणखी काय काय मिळते?

थकलेला पगार: आस्थापना बंद झाल्याने नोकरी गेली, तर देय वेतन दोन कामकाजाच्या दिवसांत दिले पाहिजे, असे वेतन संहिता सांगते. ‘पुढच्या महिन्यात सगळ्यांचा हिशेब एकदम करू’ हे पगाराच्या बाबतीत चालत नाही.

ग्रॅच्युइटी: १० किंवा अधिक कर्मचाऱ्यांच्या आस्थापनेत पाच वर्षे सेवा झालेल्यांना मिळते. ठरावीक मुदतीच्या कर्मचाऱ्यांसाठी एक वर्षाची सेवा पुरते. ती ३० दिवसांत द्यावी लागते, उशीर झाल्यास व्याज द्यावे लागते. ग्रॅच्युइटी ही केलेल्या सेवेबद्दल मिळते आणि भरपाई नोकरी गेल्याबद्दल मिळते. एक दिली म्हणून दुसरी टाळता येत नाही.

भविष्य निर्वाह निधी: कामगाराच्या पगारातून कापलेली आणि मालकाने भरायची, अशा दोन्ही रकमा बंद होण्याच्या दिवसापर्यंत खात्यात जमा झाल्या पाहिजेत. अडचणीत आलेल्या कंपन्या आधी हाच भरणा थांबवतात, म्हणून पासबुक नियमित पाहावे.

रजा आणि बोनस: शिल्लक भरपगारी रजेचा पगार मिळतो. बोनसला पात्र कामगाराने त्या हिशेबी वर्षात किमान ३० दिवस काम केले असेल, तर त्या काळाचा बोनसही देय असतो.

ईएसआयचा बेकारी भत्ता: विमाधारक कामगाराची नोकरी कारखाना बंद झाल्यामुळे गेली, तर राजीव गांधी श्रमिक कल्याण योजनेत ठरलेल्या अटी पूर्ण केल्यास जास्तीत जास्त २४ महिने भत्ता मिळू शकतो. हा भत्ता मालक देत नाही, ईएसआय महामंडळ देते. पण नोकरी कशामुळे गेली याचे प्रमाणपत्र मालकाकडून लागते.

नव्या संहितेत कामगारांना नवे कौशल्य शिकण्यासाठी १५ दिवसांच्या वेतनाइतकी रक्कम देणारा निधी आहे. तो फक्त कपातीच्या प्रकरणांत लागू आहे, व्यवसाय बंद होण्याच्या नाही.

राजीनामा मागितला तर?

सर्वांत जास्त नुकसान येथे होते. बंद करण्याची प्रक्रिया टाळण्यासाठी काही ठिकाणी कामगारांना आधी बोलावून ‘राजीनामा द्या, लगेच हिशेब करून टाकतो’ असे सांगितले जाते. राजीनामा स्वखुशीने दिला असे धरले गेले, की कंपनी बंद होण्याची भरपाई आणि नोटिसीचा पगार मिळत नाही. वरच्या उदाहरणातील फिटरने राजीनामा दिला, तर त्याला ३,९०,००० ऐवजी फक्त ग्रॅच्युइटीचे १,९५,००० रुपये मिळतील. म्हणजे रक्कम निम्मी. ईएसआयचा बेकारी भत्ताही हातचा जाईल.

स्वेच्छानिवृत्ती योजना म्हणजे व्हीआरएस वेगळी असते. त्यात कंपनी कायद्यापेक्षा जास्त रक्कम देऊ करते, आणि ती स्वीकारायची की नाही हे कामगाराच्या मर्जीवर असते. सही करण्यापूर्वी देऊ केलेली रक्कम आणि कायद्याने मिळणारी एकूण रक्कम शेजारी शेजारी मांडून पाहावी. देऊ केलेल्या रकमेत ग्रॅच्युइटी धरली आहे की ती वेगळी आहे, हे लेखी घ्यावे.

कोऱ्या कागदावर किंवा न वाचता ‘सर्व हिशेब मिळाला’ अशा पावतीवर सही करू नये. मिळालेली रक्कम अपुरी वाटत असेल, तर पावतीवर ‘हक्क राखून स्वीकारले’ असे लिहून सही करता येते.

कंपनी विकली गेली तर?

व्यवसाय नव्या मालकाकडे गेला आणि कामगारांची सेवा खंडित झाली नाही, वेतन व अटी आधीपेक्षा कमी झाल्या नाहीत आणि पुढे कपात झाल्यास जुनी सेवा धरून भरपाई देण्याची जबाबदारी नव्या मालकाने घेतली, तर भरपाई देय होत नाही. यांपैकी एक अट जरी मोडली, तरी कपातीप्रमाणे नोटीस व भरपाई मिळते. म्हणून नव्या मालकाच्या नेमणूकपत्रात ‘मागील सेवा सलग धरली जाईल’ हे वाक्य आहे का, ते पाहावे.

कंत्राटी कामगारांचा मालक कंत्राटदार असतो, त्यामुळे नोटीस व भरपाईची पहिली जबाबदारी त्याची. मात्र कंत्राटदाराने पगार बुडवला, तर तो मूळ कंपनीला द्यावा लागतो.

कंपनी दिवाळखोरीत गेली तर?

मालकाकडे पैसेच उरले नसतील आणि प्रकरण राष्ट्रीय कंपनी विधी न्यायाधिकरणात गेले असेल, तर दिवाळखोरी संहिता, २०१६ लागू होते. एकदा ही प्रक्रिया सुरू झाली, की कंपनीविरुद्धच्या इतर वसुली कारवाया थांबतात. कामगाराने नेमलेल्या व्यावसायिकाकडे ठरलेल्या मुदतीत, पुराव्यांसह आपला दावा दाखल करावा लागतो.

कंपनी अवसायनात निघून मालमत्ता विकली गेली, तर पैसे वाटण्याचा क्रम ठरलेला आहे. आधी प्रक्रियेचा खर्च वजा होतो. त्यानंतर लगेच, तारण असलेल्या बँकांच्या बरोबरीने, कामगारांची मागच्या २४ महिन्यांची देणी येतात. कामगाराच्या व्याख्येत न बसणाऱ्या कर्मचाऱ्यांची १२ महिन्यांची देणी त्याच्या खालच्या पायरीवर आहेत. भविष्य निर्वाह निधी, निवृत्तिवेतन निधी आणि ग्रॅच्युइटी निधीतील रकमा विक्रीच्या मालमत्तेत धरल्याच जात नाहीत, त्या कामगारांच्या असतात.

कागदावर हा क्रम चांगला असला, तरी वेळ फार जातो. मुंबईत मुख्यालय असलेल्या जेट एअरवेजची उड्डाणे एप्रिल २०१९ मध्ये थांबली आणि सर्वोच्च न्यायालयाने ती कंपनी अवसायनात काढण्याचा आदेश दिला तो नोव्हेंबर २०२४ मध्ये. मधली साडेपाच वर्षे कर्मचारी थकलेल्या देण्यांसाठी लढत होते.

पैसे मिळाले नाहीत तर दाद कुठे मागायची?

एक गोष्ट आधी लक्षात घ्यावी. कपात करताना भरपाई दिली नाही, तर ती कपातच बेकायदेशीर ठरते. बंद करण्याच्या बाबतीत तसे नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९६० मध्ये जुन्या कायद्याचा अर्थ लावताना सांगितले की, भरपाई आधी देणे ही व्यवसाय बंद करण्याची पूर्वअट नाही. म्हणजे पैसे दिले नाहीत तरी कंपनी बंद झालेली राहते, देणे मात्र मालकाच्या डोक्यावर राहते. ते वसूल करण्यासाठी कामगाराला स्वतः पावले उचलावी लागतात.

• राज्याच्या अखत्यारीतील कंपनीसाठी जिल्ह्यातील कामगार आयुक्त कार्यालयात लेखी तक्रार करावी. समेट अधिकाऱ्यापुढे तडजोड झाली नाही, तर प्रकरण औद्योगिक न्यायाधिकरणात नेता येते. वाद उद्भवल्यापासून दोन वर्षांच्या आत हे सुरू करणे आवश्यक आहे.

• भरपाईची रक्कम देय झाल्यापासून एक वर्षाच्या आत वसुलीसाठी अर्ज करता येतो. सरकारने वसुलीचे प्रमाणपत्र दिले, की जिल्हाधिकारी ती रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल करतात. उशिराचे कारण पटले, तर नंतरचा अर्जही घेतला जाऊ शकतो.

• पगार आणि बोनसचा दावा वेतन संहितेखाली तीन वर्षांपर्यंत करता येतो.

• ग्रॅच्युइटीसाठी सक्षम प्राधिकाऱ्याकडे, भविष्य निर्वाह निधीसाठी विभागीय निधी कार्यालयाकडे तक्रार करावी.

कागदपत्रे का सांभाळावीत?

मुंबईच्या गिरण्यांचा अनुभव येथे आठवतो. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली गिरणी कामगारांचा संप सुरू झाला. त्यानंतर अनेक गिरण्या पुन्हा कधी नीट चालल्या नाहीत. गिरण्यांच्या जागेवर कामगारांना घरे देण्याची योजना आली, तेव्हा १ जानेवारी १९८२ रोजी किंवा त्यानंतर आपण गिरणीत कामाला होतो, हे सिद्ध करण्याची वेळ कामगारांवर आणि त्यांच्या वारसांवर आली. गिरणीचे तिकीट, ईएसआय कार्ड, फंडाची पावती जपून ठेवली होती, त्यांचे काम सोपे झाले. बाकीच्यांना वर्षानुवर्षे खेटे घालावे लागले.

म्हणून नेमणूकपत्र, पगाराच्या पावत्या, ओळखपत्र, बँकेचे पासबुक, भविष्य निर्वाह निधीचा यूएएन क्रमांक आणि ईएसआय क्रमांक यांच्या प्रती घरी ठेवाव्यात. गेटवरील नोटिसीचा तारखेसह फोटो काढावा. कंपनी बंद झाल्यावर हजेरीपट आणि पगारपत्रके कोणाच्या ताब्यात जातील, हे सांगता येत नाही.

मालकाने कोणता क्रम पाळावा?

व्यवसाय प्रामाणिकपणे बंद करू इच्छिणाऱ्या मालकासाठीही नियम अवघड नाहीत. आधी मागच्या १२ महिन्यांची सरासरी कामगारसंख्या काढावी, म्हणजे परवानगी लागेल, नोटीस पुरेल की दोन्ही लागणार नाही, हे कळते. त्यानुसार ९० किंवा ६० दिवस आधी सरकारकडे जावे. प्रत्येक कामगाराला एक महिन्याची लेखी नोटीस द्यावी. प्रत्येकाच्या सेवेची वर्षे, भरपाई, ग्रॅच्युइटी, रजा आणि बोनस यांचा तक्ता करून तो कामगारांना दाखवावा. यंत्रे किंवा जागा विकण्यापूर्वी ही रक्कम बाजूला ठेवावी. शेवटच्या दिवसानंतर दोन कामकाजाच्या दिवसांत पगार, ३० दिवसांत ग्रॅच्युइटी, आणि प्रत्येकाला सेवेचा व नोकरी संपल्याच्या कारणाचा दाखला द्यावा. आधी यंत्रे विकून मग कामगारांचे पाहू, असे करणाऱ्या मालकाकडे देण्याच्या वेळी पैसे उरत नाहीत आणि वाद पुढे कित्येक वर्षे चालतात.